मेक्सिकोचं उदाहरण देताय, तर पूर्ण द्या

आमच्या शाळेच्या ग्रुपवर महिनाभर एकच वाद चाललाय. एका मराठी सिनेमाचे शो दुसऱ्याच आठवड्यात काढून ती जागा एका हिंदी सिनेमाला दिली गेली. त्या मराठी सिनेमातल्या नटाचा हात जोडून बोलतानाचा व्हिडिओ सगळीकडे फिरला. त्यावर आमच्याच वर्गातल्या एका मित्राने, जो आता कोल्हापुरात चांगला उद्योजक आहे, निकाल देऊन टाकला: रडगाणं बंद करा, अनुदानं बंद करा, मल्टिप्लेक्सवरची सक्ती बंद करा, दम असेल तर सिनेमा चालेल. इथवर मी गप्प होते. पुढे त्याने लिहिलं की मेक्सिको बघा, काही आपल्यापेक्षा फार श्रीमंत देश नाही, पण त्यांचे दिग्दर्शक ऑस्करवर ऑस्कर घेतात, ते कुणापुढे हात पसरत नाहीत. आणि खाली माझं नाव घालून, ‘सांग की गं, तू तिथंच असतीस.’

सांगते. ग्रुपवर एवढं लांब कुणी वाचणार नाही म्हणून इथे लिहिते.

२०१४ ते २०१९ या सहा ऑस्कर समारंभांपैकी पाचांत सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मेक्सिकन माणसाने घेतला, हे खरं आहे. क्वारोन, मग दोनदा इन्यारितू, मग देल तोरो, मग पुन्हा क्वारोन. पण त्यातले पहिले चार सिनेमे इंग्रजी आहेत, हॉलिवूडच्या यंत्रणेतून आलेले. मेक्सिकन म्हणावा असा एकच, ‘रोमा’. आणि त्या ‘रोमा’ला मेक्सिकोतच धड थिएटर मिळालं नव्हतं. सिनेमा नेटफ्लिक्सचा, तो काही दिवसांतच घरच्या पडद्यावर येणार, म्हणून सिनेपोलिस आणि सिनेमेक्स या दोन्ही मोठ्या साखळ्यांनी तो लावला नाही. मी राहते त्या मेक्सिको सिटीतल्याच एका वस्तीचं नाव त्या सिनेमाला आहे, आणि तिथे आम्ही तो सिनेतेकात, म्हणजे सरकारी फिल्म संग्रहालयाच्या थिएटरात, आणि थोड्या स्वतंत्र हॉलमध्ये बघितला. राष्ट्राध्यक्षांच्या जुन्या निवासाच्या, लोस पिनोसच्या आवारातही त्याचा खेळ झाला. यातली सिनेपोलिस म्हणजे पुण्यात सीझन्स मॉलमध्ये आहे तीच. तिचं मूळ मोरेलियाचं. मराठी सिनेमाला शो देत नाहीत म्हणून आपण ज्यांच्यावर चिडतो, त्यातली एक कंपनी मेक्सिकन आहे आणि ती घरच्या सिनेमाशीही तसंच वागते, हे माझ्या मित्राला माहीत नसावं.

आता हात पसरण्याबद्दल. क्वारोन शिकला कुएकमध्ये, म्हणजे इथल्या सार्वजनिक विद्यापीठाच्या, उनामच्या फिल्म शाळेत. त्याच्या पहिल्या सिनेमात सरकारी संस्थेचा, इमसिनेचा पैसा होता. देल तोरोच्या पहिल्या ‘क्रोनोस’मध्येही होता. इन्यारितूचा ‘आमोरेस पेरोस’ खाजगी पैशाने झाला, हे मित्र लगेच शोधून काढील. काढू दे. त्याचा कॅमेरामन रॉद्रिगो प्रिएतो सरकारी फिल्म शाळेतून, सेसेसेमधून, आलेला आहे. ही माणसं अमेरिकेत गेल्यावर मोठी झाली हे मान्य, पण जाताना हातात जी पहिली रीळं होती, ती कुणाच्या पैशाने भरली होती?

त्याच्याही मागे जायला पाहिजे, कारण खरा इतिहास तिथे आहे आणि त्यातलं एकही नाव आमच्या ग्रुपवर कुणाला ठाऊक नाही.

चाळीसच्या दशकात मेक्सिकोचा सिनेमा सगळ्या लॅटिन अमेरिकेत चालायचा. चुरुबुस्को स्टुडिओ १९४५ चा. (मी कोल्हापूरची आहे. चुरुबुस्कोच्या भिंतीवरून जाताना मला जयप्रभा स्टुडिओ आठवतो आणि त्या जागेवरून झालेली आंदोलनं आठवतात. चुरुबुस्कोचीही बरीच जमीन गेली, पण तिथे कलाकेंद्र उभं राहिलं आणि उरलेला स्टुडिओ अजून चालू आहे. एवढंच म्हणते.) त्या सुवर्णकाळात एक गोष्ट घडली: दिग्दर्शकांच्या युनियनने दार लावून घेतलं. जे आत होते ते आत, नवीन माणसाला प्रवेश नाही. वीस वर्षं तेच तेच लोक तीच तीच गाण्याबजावण्याची, घोड्यावरच्या वीरांची सिनेमे काढत राहिले. दम असलेली माणसं बाहेर उभी होती. बाजार तेव्हाही होता की! त्याने त्यांना आत घेतलं नाही.

आत न घेतलेल्यांनी काय केलं, तर त्यांनी युनियनच्या बाहेर, हाताला लागेल त्यावर सिनेमा काढला. निर्माता मानुएल बार्बाचानो पोन्से याने बातमीपटांतून कमावलेल्या अनुभवावर ‘राइसेस’ केला. आदिवासी माणसांच्या चार गोष्टी, नट नसलेले लोक, खरी गावं. १९५५ साली फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात त्याला समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. मग १९६१ साली काही तरुणांनी ‘नुएव्हो सिने’ नावाचा गट काढला आणि त्याच नावाचं मासिक. मासिक सात अंकांत बंद पडलं. पण त्याच गटातून एक सिनेमा आला, ज्याच्यावर मला स्वतंत्र लेख लिहायचा आहे: ‘एन एल बाल्कोन व्हासिओ’.

होमी गार्सिया आस्कोत आणि त्याची बायको मारिया लुईसा एलिओ, दोघंही स्पेनच्या यादवी युद्धात लहानपणी देश सोडून आलेले. सिनेमा तिच्या आठवणींवर. पाम्प्लोनातली एक लहान मुलगी, घराची बाल्कनी, युद्ध, पळ, आणि मग मेक्सिकोत मोठी झालेली बाई, जी मनाने त्या घरात परत जाते आणि घर रिकामं असतं. मोठेपणीची भूमिका एलिओनेच केली आहे. १६ मिलिमीटरवर, सुट्टीच्या दिवशी, मित्रांना गोळा करून काढलेला सिनेमा. स्पेन दाखवायला स्पेनला जाण्याची सोय नव्हती, तिथे हुकूमशहा फ्रँको होता. म्हणून मेक्सिकोच्याच गल्ल्यांतून स्पेन उभा केला. १९६२ मध्ये लोकार्नोच्या चित्रपट महोत्सवात त्याला पुरस्कार मिळाला आणि इथल्या थिएटरात तो व्यावसायिक रीतीने लागलाच नाही. लेखक गार्सिया मार्केसने ‘शंभर वर्षांचं एकाकीपण’ ही कादंबरी याच दोघांना अर्पण केली आहे, तेवढ्यापुरती त्यांची नावं जगाला माहीत.

मी हा सिनेमा पहिल्यांदा बघितला तेव्हा मला वाद घालावासा वाटला नाही. मी काही युद्धातून पळून आलेली नाही. नवऱ्याच्या नोकरीमागे आले आणि मग माझी स्वतःची नोकरी लागली. परतीचं तिकीट कधीही काढू शकते. तरी त्या बाईला घर आठवतं ते तुकड्यातुकड्याने, एक खिडकी, एक आवाज, मध्ये काहीच नाही, आणि मला शिवाजी पेठेतलं आमचं घर अगदी तसंच आठवतं. ‘दम असेल तर चालेल’ या हिशोबात हा सिनेमा शून्य आहे. चाललाच नाही तो. तरी साठ वर्षांनी सिनेतेकात त्याचा खेळ लागला की तिकीट संपतं.

१९६५ ला चमत्कारच झाला. प्रेक्षक घटत होते, धंदा बसत होता, तेव्हा ज्या युनियनने दार लावलं होतं तिनेच प्रायोगिक सिनेमाची स्पर्धा भरवली. पहिला आला रुबेन गामेसचा ‘ला फॉर्म्युला सेक्रेता’. तासाभराचाही नाही. सुरुवातीला मेक्सिको सिटीच्या भल्यामोठ्या सोकालो चौकात जमिनीवर एका पक्ष्याची सावली वेड्यासारखी गरगरते. सलाइनच्या बाटलीच्या जागी कोका-कोलाची बाटली. कोरड्या डोंगरात उभे राहून कॅमेऱ्याकडे बघणारे शेतकरी, आणि त्यावर कथाकार हुआन रुल्फोचे शब्द, कवी हाइमे साबिनेसच्या आवाजात. दुसऱ्या क्रमांकाच्या सिनेमात तर गावच्या पाद्र्याच्या भूमिकेत जगप्रसिद्ध दिग्दर्शक बुन्युएल, थिएटरच्या तिकिटाशी गार्सिया मार्केस, आणि रुल्फोही एका कोपऱ्यात. एका पिढीने एकमेकांसाठी अंगमेहनत केली. आणि पहिल्या आलेल्या गामेसला पुढचा मोठा सिनेमा करायला १९९२ उजाडलं. सत्तावीस वर्षं. त्याच्यात दम कमी होता असं म्हणायचं धाडस कुणी करावं?

मग १९६८. कुएक तेव्हा पाच वर्षांची शाळा, सन १९६३ ची. ऑलिंपिकच्या तोंडावर विद्यार्थ्यांचं आंदोलन पेटलं आणि शाळेतल्या मुलांनी विद्यापीठाचे कॅमेरे आणि विद्यापीठाची कोरी फिल्म घेऊन मोर्चे, सभा, भिंतींवरच्या घोषणा, सैनिक, सगळं टिपलं. २ ऑक्टोबरला मेक्सिको सिटीच्या त्लातेलोल्को भागात आंदोलकांवर गोळीबार झाला. लिओबार्दो लोपेस आरेत्चे हा त्या मुलांतला एक, आंदोलनाच्या समितीवरही होता, पकडला गेला. सुटल्यावर त्याने ते फुटेज जोडून ‘एल ग्रितो’ केला. १९७० मध्ये त्याने आयुष्य संपवलं. त्या उन्हाळ्याचा आतून घेतलेला सगळ्यात पूर्ण चित्रपट हाच. टीव्हीने दाखवलं नाही, स्टुडिओंनी काढलं नाही, बाजाराला त्याची गरज नव्हती. सार्वजनिक विद्यापीठाच्या कपाटात कॅमेरा होता, म्हणून तो आहे.

त्यानंतर मुलांनी आणखी लहान कॅमेरा घेतला. सुपर ८, लोक लग्नाच्या शूटिंगला वापरायचे तो. १९७० पासून स्पर्धा सुरू झाल्या, घराघरांत, विद्यापीठांत, युनियनच्या हॉलमध्ये खेळ होऊ लागले. त्यांचा एक जाहीरनामा आहे, ‘८ मिलिमीटर विरुद्ध ८० लाख’. ओस्कार मेनेंदेसच्या ‘इस्तोरिया दे उन दोकुमेंतो’साठी असाच कॅमेरा लेकुम्बेरी तुरुंगात चोरून नेला आणि राजकीय कैद्यांनी आतलं जगणं टिपलं. पाउल लेदूकने १६ मिलिमीटरवर ‘रेड, मेहिको इन्सुर्हेन्ते’ काढला, मेक्सिकन क्रांतीचा सिनेमा, पण मिशा पिळणारे वीरपुरुष नाहीत. तपकिरी झालेल्या जुन्या फोटोसारखा रंग, धूळ, वाट बघणारे, घाबरणारे सैनिक. आपल्याकडच्या ऐतिहासिक सिनेमांवर चर्चा निघाली की मला हाच सिनेमा सुचवावासा वाटतो, आणि मी सुचवत नाही, कारण पुढे काय ऐकून घ्यावं लागेल ते माहीत आहे.

बायकांनीही याच वाटेने कॅमेरा मिळवला. १९७५ मध्ये कुएकच्या विद्यार्थिनींनी ‘कोलेक्तिवो सिने मुहेर’ काढलं. रोसा मार्ता फर्नांदेसचा ‘कोसास दे मुहेरेस’ गर्भपातावर आहे, १९७८ सालचा. त्याच गटातून मारिया नोव्हारो आली. तिने १९९१ ला ‘दान्सोन’ केला, आणि २०१८ च्या अखेरीस तीच इमसिनेची प्रमुख झाली. बाहेरची माणसं आत यायला इतका वेळ लागतो.

सरकारी पैसा आला की सरकारी हात येतो, असं मित्र म्हणेल, आणि त्याचं हे म्हणणं मी उडवून लावणार नाही. १९६८ मध्ये गृहमंत्री असलेले एचेवेरिया दोन वर्षांनी राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्यांनीच सिनेमाला भरभरून पैसा दिला. त्यांचा भाऊच सिनेमाच्या बँकेचा प्रमुख. त्या पैशातून चांगले सिनेमे झाले, काही तर अस्वस्थ करणारे झाले, पण त्लातेलोल्कोवर मात्र एकही झाला नाही. त्यावरचा पहिला मोठा कथापट ‘रोहो आमानेसेर’ यायला १९८९ उजाडलं. तो गुपचूप, खाजगी पैशाने, बहुतेक सगळा एकाच घराच्या आत काढला, आणि तरी सेन्सॉरने काही काळ अडवला. १९९९ च्या ‘ला लेइ दे एरोदेस’मध्ये सरकारचाच पैसा होता, आणि सत्ताधारी पक्षाचं नाव घेऊन टीका केली म्हणून सरकारी संस्थेनेच तो दाबायचा प्रयत्न केला. ओरड झाली आणि सिनेमा लोकांनी डोक्यावर घेतला. म्हणून माझं म्हणणं असं की पैसा एका दारातून येऊ नये. विद्यापीठ वेगळं, संस्था वेगळी, कराची सवलत वेगळी. एक दार बंद झालं तर दुसरं ठोठावता आलं पाहिजे. सगळीच दारं काढून टाका, हा त्यावर उपाय नाही.

कारण ते करून बघितलंय त्यांनी. इथला कायदा असा होता की निम्मा पडदावेळ मेक्सिकन सिनेमाला. १९९२ च्या नव्या कायद्याने तो ३० टक्क्यांवर आणला आणि दरवर्षी पाचपाचने उतरवत १९९७ पर्यंत १० टक्क्यांवर नेला. तिकिटाच्या दरावरचं नियंत्रणही काढलं. सरकारी थिएटरांची साखळी विकली. अमेरिकेबरोबरचा मुक्त व्यापार करार दारात होता. वर्षाला शंभरच्या आसपास सिनेमे काढणारा देश नव्वदीच्या अखेरीस दहा-पंधरावर आला. वस्तीतली मोठी, स्वस्त थिएटरं बंद पडली, मॉलमधली आली, आणि पूर्वी सिनेमाला जाणारा कामगार सिनेमाला जायचा थांबला. माझ्या मित्राला जे हवंय ते हेच. त्यानंतर सरकारने पुन्हा निधी काढले, कंपन्यांना सिनेमात पैसा घातला तर करात सवलत दिली, तेव्हा कुठे गाडी वर आली. आता वर्षाला दोनशेच्या वर सिनेमे बनतात.

पण दाखवायचे कुठे? हा प्रश्न इथेही सुटलेला नाही. दहा टक्क्यांचा नियम कागदावर आहे. मेक्सिकन सिनेमा दुपारी दोनला लागतो, पहिला शनिवार-रविवार बघतात, मग अमेरिकन सुपरहिरो येतो आणि पडदा जातो. बहुतेक वर्षी विकल्या जाणाऱ्या शंभर तिकिटांतली दहाच्या आसपास किंवा त्याहूनही कमी मेक्सिकन सिनेमाची असतात. इथल्या मित्रमैत्रिणी हे सांगतात तेव्हा मला २०१५ चा एप्रिल आठवतो. मराठी सिनेमा संध्याकाळी सहा ते नऊमध्ये दाखवा असं सरकारने सांगितलं, त्यावर मुंबईत केवढी थट्टा झाली, आणि ती वेळ मग दुपारी बारापासून नऊपर्यंत सैल झाली. दुपारी बाराला कोण जाणार? मेक्सिकोतला माणूस हे ऐकून हसत नाही, त्याला ते लगेच कळतं.

‘सैराट’ चालला की, असं मला ग्रुपवर दोनदा सांगून झालं. चालला, आणि मला त्याचा अभिमान आहे. पण ‘सैराट’च्या आधी ‘फँड्री’ होता आणि ‘फँड्री’च्या आधी विद्यार्थी असताना केलेला ‘पिस्तुल्या’ होता. ‘पिस्तुल्या’ने किती गल्ला जमवला?

सिनेतेका मी वारंवार काढते आहे, तर त्याबद्दल सांगायला हवं. १९८२ च्या मार्चमध्ये जुनं सिनेतेका जळालं, हजारो रीळं गेली, माणसंही गेली. पुण्यात २००३ च्या जानेवारीत नायट्रेट फिल्म जळाली ती आठवते ना, त्याहून कितीतरी मोठं. दोन वर्षांत शहराच्या शोको भागात नवीन उभं केलं. आता तिथे दहा पडदे आहेत, तिकीट मॉलच्या मानाने कमी. मी मेट्रो कोयोआकानला उतरून चालत जाते. किन्सेनाचा, म्हणजे पंधरवड्याच्या पगाराचा, आठवडा असो की नसो, रांग असते. मेक्सिकन सिनेमा तिथे आठवड्यामागून आठवडे टिकतो. ‘नुदो मिश्तेको’ मी तिथेच बघितला, आंखेलेस क्रूस या मिश्तेक आदिवासी समाजातल्या बाईने काढलेला, ओआहाका राज्यातल्या एका गावातला. बाहेर पडले तेव्हा पहिला विचार आला की हे आईला दाखवायला हवं होतं, आणि दुसरा की कोल्हापुरात हे दाखवायचं कुठे.

इथे कुणी मला माझ्या देशाचा सिनेमा विचारला की बॉलिवूड गृहीत धरतात. मी ‘ला इंदू’, म्हणजे भारतातली बाई, तेव्हा मला नाचता येत असणार. मी हट्टाने मराठी सांगते. घरी बोलावून ‘कोर्ट’ दाखवला, तेव्हा कुएकच्या एका माजी विद्यार्थिनीने संपल्यावर पहिला प्रश्न विचारला, पैसा कुणी दिला? चैतन्य ताम्हाणे ‘रोमा’च्या वेळी क्वारोनच्या हाताखाली इथे होता आणि ‘द डिसायपल’चा कार्यकारी निर्माता क्वारोन आहे, हे मी प्रत्येकाला सांगते, जणू माझ्याच घरची सोयरीक जमली आहे. कोल्हापुरात असताना मी मराठी सिनेमाची एवढी बाजू घेत नव्हते. तिथे तो होताच, घरातल्या भांड्यासारखा. इथे आल्यावर तो माझा झाला. ‘तिकडं बसून शहाणपण शिकवू नकोस,’ असं ग्रुपवर एकाने लिहिलंय. बोचलं, कारण तिकडे बसल्यावरच मला हे बोलावंसं वाटायला लागलं.

आणि इथेही मी आत नाही. २०२० च्या ऑक्टोबरमध्ये इथल्या संसदेने शंभराहून जास्त सरकारी निधी एका फटक्यात बंद केले, त्यात सिनेमाचा फिदेसिनेही गेला. सगळे सिनेमावाले विरोधात उभे राहिले, ऑस्करवालेही. माझ्या मैत्रिणींनी पत्रावर सह्या केल्या. मी केली नाही. संविधानाचं ३३ वं कलम परदेशी माणसाला इथल्या राजकारणात पडू देत नाही, आणि मी रहिवासी परवान्यावर राहते. सिनेमाच्या निधीवर सही म्हणजे राजकारण होतं की नाही, कुणास ठाऊक, मी भ्याले. इथे कर भरते पण बोलू शकत नाही. तिथे बोलू शकते तर म्हणतात तू इथं नसतीस.

तरी बोलते. मला अनुदानाच्या दर्जांवर भांडायचं नाही, ‘अ’ आणि ‘ब’ कुणाला कसा मिळतो यात घोळ असतील तर ते काढा. सक्तीच्या तासांवरही मी आता जोर देणार नाही, कारण मॉलवाला सहाचा शो देईल आणि पोस्टर लावणार नाही, हे मी दोन्ही देशांत बघितलंय. मला एक पडदा हवा आहे. केशवराव भोसले नाट्यगृह जळाल्यावर ते उभं करायला सगळं कोल्हापूर धावलं. तसाच महापालिकेचा किंवा शिवाजी विद्यापीठाचा, मॉलच्या बाहेरचा, नेहमीचा, कमी तिकिटाचा, जिथे मराठी सिनेमा पहिल्या रविवारी गर्दी झाली नाही म्हणून काढत नाहीत. जागा शोधायला, अर्ज लिहायला, वर्गणी काढायला मी तयार आहे, पहिली वर्गणी माझी. ज्या मित्राने मला टॅग केलं त्याचा महापालिकेत बराच वट आहे, तेव्हा दुसरी त्याच्याकडून मागते.